दर्यासारंग ते घाटसारंग

कृष्णाजी अनंत सभासदाने १६९७ मध्ये लिहिलेल्या बखरीत शिवाजी महाराजांच्या आरमाराचा मजकूर फार मोठा नाही, पण त्यातली दोन नावं ठळक आहेत: दर्यासारंग आणि मायनाक भंडारी. हे आरमाराचे दोन सुभेदार. गुराबा, तरांडी, तारवं, गलबतं, शिबाडं, पगार अशा नाना जातींची जहाजं त्यांच्या हुकमाखाली होती. तिथून दोनशे वर्षं पुढे यावं आणि मुंबईच्या गोदीत लागलेल्या एखाद्या इंग्रजी आगबोटीवर चढावं, तर तिथेही एक सारंग भेटतो आणि एक भंडारीही भेटतो. पण हा सारंग कप्तानाच्या आणि मेटांच्या, म्हणजे त्याच्या दुय्यम अधिकाऱ्यांच्या खाली, डेकवरच्या खलाशांचा मुकादम. आणि भंडारी म्हणजे त्या खलाशांसाठी भात-कालवण रांधणारा.

मायनाकाच्या नावातला भंडारी हा जातीचा, बोटीवरचा भंडारी हा भांडाराशी नातं सांगणारा हुद्दा. तेव्हा त्या दोघांची गल्लत करायला नको. रत्नागिरी जिल्ह्यात मात्र ही गल्लत गमतीने होत आली असणार, कारण तिथे भंडारी समाज मोठा आणि बोटीवर जाणारे लोकही मोप. सारंगाची गोष्ट वेगळी. तो शब्द तोच, माणसं त्याच किनाऱ्यावरची, खाली उतरला तो हुद्दा. फारसीत ‘सरहंग’ म्हणजे सेनानी, हुकूम देणारा. मराठ्यांच्या दर्यावर त्याने निदान मान राखला. कंपनीच्या जहाजावर त्याला हुकूम घ्यायची सवय करावी लागली.

हिंदी महासागरातल्या जहाजांवरचे हुद्दे आधी कसे होते, याची एक चांगली यादी अबुल फजलने ‘आईन-ए-अकबरी’त देऊन ठेवली आहे. सोळाव्या शतकाच्या शेवटाला मोठ्या जहाजावर कोणकोण असत, ते तो बारा वर्गांत सांगतो. सगळ्यात वर नाखुदा. मग वाट दाखवणारा, ताऱ्यांवरून दिशा ओळखणारा मुअल्लिम. मग खलाशांचा प्रमुख तांडेल. सरहंगाकडे जहाज धक्क्याला लावणं-सोडणं, चढउतार. भंडाऱ्याकडे कोठार, कराणीकडे हिशेब, सुकाणूवर सुक्कानगीर, डोलकाठीवर चढून टेहळणी करणारा पंजरी, पाणी उपसणारे, तोफा डागणारे आणि सगळ्यांच्या शेवटी साधा खारवा. म्हणजे अकबराच्या काळी तांडेल आणि सरहंग यांची कामंच निराळी होती. इंग्रजांच्या जहाजावर मात्र सारंग वर आणि तांडेल त्याचा हाताखालचा, अशी उतरंड पक्की झाली.

नाखुदाचं मूळ तर फारच भारदस्त. ‘नाव’ आणि ‘खुदा’, म्हणजे नावेचा धनी. आणि हा धनी कैकदा खरोखरच धनवान असे. जहाज हाकणारा आणि व्यापार करणारा एकच. सोमनाथ-वेरावळला १२६४ सालचा एक लेख आहे, संस्कृत आणि अरबी अशा दोन भाषांतला. होर्मुझहून आलेल्या नूरुद्दीन फिरोज नावाच्या नाखुद्याने सोमनाथ पाटणात मशीद बांधली, तिची ती नोंद. संस्कृत लिहिणाऱ्यानेही त्याचा हुद्दा तसाच ठेवला, संस्कृत प्रतिशब्द शोधत बसला नाही. बंदरातल्या लोकांना तो शब्द पुरेसा ओळखीचा होता, हेच त्याचं कारण असावं. हाच नाखुदा कोकणात झिजून नाखवा झाला आणि कोळीगीतांमुळे देशावरच्या माणसालाही ठाऊक झाला. तिथे तो आपल्या होडीचा मालक आहे, हे त्याचं नशीब. परक्या कंपनीच्या जहाजावर नाखुद्याला जागाच नव्हती. ती कप्तानाने घेतली.

मुअल्लिमाचं मूळही असंच वरच्या दर्जाचं. अरबीत मुअल्लिम म्हणजे शिक्षक. वास्को द गामाला १४९८ मध्ये मालिंदीहून कालिकतला आणणाऱ्या वाटाड्याचं नाव पोर्तुगीज बखरकारांनी ‘मालेमो काना’ किंवा ‘मालेमो कानाका’ असं दिलं आहे. त्यावर पुष्कळ शाई खर्च झाली, पण त्यातला मालेमो म्हणजे मुअल्लिम हे उघड आहे. ते नाव नव्हे, हुद्दा होता. पुढे तीनशे वर्षांनी ‘मालम’ हा शब्द हिंदी खलाशांच्या तोंडी राहिला तो गोऱ्या मेटासाठी. गुरुजींची खुर्ची शिल्लक राहिली, तिच्यावर बसणारा बदलला.

लष्कराचं तर पार उलटंपालटं झालं. मराठीत लष्कर म्हणजे फौज. पुण्यात कॅम्पचा भाग आजही लष्कर म्हणून ओळखला जातो. फारसी ‘लष्करी’ हा शब्द पोर्तुगिजांनी इथल्या शिपायांसाठी ‘लास्करिम’ असा उचलला. इंग्रजांच्या हाती पोचेपर्यंत त्याचा ‘लास्कर’ झाला आणि अर्थ झाला खलाशी. तोफखान्यात तोफा ओढणारे आणि छावणीत तंबू ठोकणारेही लास्करच. एका अख्ख्या फौजेचं नाव एका हमालाच्या अंगावर आलं. खलाशी हा शब्द मात्र समुद्रावरून जमिनीवर आला: रेल्वेत, पाटबंधाऱ्यात, मोजणीखात्यात खलाशी हे पद अनेक वर्षं राहिलं आणि त्या खलाशांतल्या कित्येकांनी समुद्र पाहिलेलाही नसे.

एवढ्या लास्करांची गरज इंग्रजांना पडली कशी? इंग्लंडहून निघालेली जहाजं गोरे खलाशी घेऊन यायची, पण परत जाताना ते सगळे उरत नसत. काही तापाने मरत, काही पळून जात, आणि नेपोलियनशी लढाया चालू असताना आरमार त्यांना जबरदस्तीने उचलून नेई. चहा, कापूस, नीळ तर लंडनला पोचायला हवी. मग मुंबईत, कलकत्त्यात लास्कर भरायचे. कायदा आडवा येई: १६६० च्या नौकानयन कायद्याने इंग्रजी जहाजावर तीन चतुर्थांश खलाशी इंग्रज असायला हवेत असं बजावलं होतं. युद्धाच्या काळात तो सैल केला जाई, युद्ध संपलं की पुन्हा आवळला जाई. १८२३ मध्ये तर लास्करांना ब्रिटिश खलाशी मानायचं नाही आणि त्यांना परत हिंदुस्थानात धाडायचं, असं कायद्यानेच ठरवलं. राणीच्या नव्हे, तेव्हा राजाच्या राज्यातली ही माणसं. जहाजावर हवीत आणि लंडनच्या रस्त्यावर नकोत.

वादळात शिडं उतरवायची असतात तेव्हा दुभाष्या शोधायला वेळ नसतो. या निकडीतून एक पुस्तक आलं. टॉमस रोबक हा मद्रासच्या पायदळातला स्कॉटिश अधिकारी. जॉन गिलख्रिस्टचा सहायक, कलकत्त्याच्या फोर्ट विल्यम कॉलेजशी जोडलेला भाषांचा माणूस. त्याने १८११ मध्ये कलकत्त्यात इंग्रजी-हिंदुस्थानी नौकाकोश छापला. दोन वर्षांनी लंडनमध्येही तो निघाला. पायदळातल्या माणसाने समुद्राचा कोश करावा यात गंमत आहे, पण काम कसलेलं होतं. रोबक १८१९ मध्ये कलकत्त्यात तापाने वारला, तेव्हा चाळिशीही गाठली नव्हती. कोश मात्र टिकला. कार्मायकल स्मिथने तो सुधारून घेतला, पुढे १८८२ मध्ये जॉर्ज स्मॉलने त्याला ‘लस्करी कोश’ असं नाव देऊन लंडनमध्ये काढला. अमिताव घोष यांनी ‘सी ऑफ पॉपीज’ या २००८ च्या कादंबरीत लस्करी बोलीचा इतका सढळ वापर केला, त्यामागे रोबकचा हाच कोश होता.

या बोलीत डोकावलं की मराठी माणसाला आपल्याच अंगणात शिरल्यासारखं वाटतं. मधली मोठी डोलकाठी म्हणजे ‘बडा डोल’, पुढची ‘त्रिकट’, मागली ‘कलमी’. त्रिकट हे पोर्तुगीज ‘त्राकेत’चं रूप, कलमी अरबी. शीड ज्या आडव्या दांड्याला बांधतात तो ‘परवान’, कोकणातलं परबाण. वरचं शीड ‘गावी’, हेही पोर्तुगीज ‘गाव्हिया’वरून. दोराचा वळसा म्हणजे ‘बोलता’. त्याचा बोलण्याशी काही संबंध नाही, पोर्तुगीज ‘व्होल्ता’ म्हणजे वळण. दोर सैल सोडायचा हुकूम ‘आरिया’, तोही पोर्तुगीजच. डेकला ‘तुतक’, जो शब्द गुजरातीत आजही चालतो. आणि बाजू? जहाजाची उजवी बाजू ‘जमना’, डावी ‘दावा’. जमणा हा गुजराती उजवा. डावा कोण हे मराठी वाचकाला सांगायला नको. एकाच जहाजाला उजवा हात कच्छ-काठेवाडने दिला आणि डावा कोकणाने, असा हा कारभार. पुढचा भाग ‘आगिल’, मागचा ‘पिछिल’. रात्री पहारेकरी घंटेबरोबर इंग्रजीत सगळं ठीक असल्याची हाळी देत, ती खलाशांच्या तोंडी ‘अल्झबेल’ झाली.

पोर्तुगीज इतकं कशाला, असा प्रश्न पडतो. उत्तर साधं आहे. युरोपीय बांधणीची, चौकोनी शिडांची जहाजं या किनाऱ्यावर आधी त्यांनीच आणली; आपल्या तारवांची शिडं तिरकी, त्रिकोणी. नवं शीड आलं ते आपलं नाव घेऊन आलं. शिवाजी महाराजांनी कल्याण-भिवंडीकडे जहाजं बांधायला काढली तेव्हा रुई लैताव व्हिएगस नावाचा पोर्तुगीज आपल्या माणसांसह त्या कामावर होता. पुढे वसईच्या पोर्तुगिजांनी त्यांना फितवून काढलं. खुद्द आरमार हा शब्द पोर्तुगीज ‘आर्मादा’चा. मराठी राज्याच्या नौदलाचं नावच शत्रूकडून घेतलेलं, आणि रामचंद्रपंत अमात्यांनी आज्ञापत्रात त्याच आरमाराला राज्याचं स्वतंत्र अंग मानलं. त्यांनी जहाजांसाठी आंबा-फणसाची झाडं तोडायला मात्र मनाई केली होती. रयतेने ती मुलांसारखी वाढवलेली असतात, म्हणून.

सभासदाच्या यादीतला ‘पगार’ही बघण्यासारखा. बखरीत ती एक जहाजाची जात. आज पगार म्हणजे महिन्याच्या एक तारखेला येतो तो, आणि तो पोर्तुगीज ‘पागार’, म्हणजे पैसे देणं. कोळ्यांच्या बोलीत ‘डोल’ हे जाळंही आहे, खाडीच्या तोंडाशी खुंटांना बांधतात ते. आणि डोलकाठी वेगळी. होडीचं पुढचं टोक म्हणजे ‘नाळ’, आणि नाळ घोड्याच्या टापेलाही असते नि बाळाच्या बेंबीलाही. समुद्रावरच्या शब्दांना किनाऱ्यावर असे जुळे भाऊ सापडतात.

जहाजांच्या शब्दांची ये-जा एकाच दिशेने नव्हती. अरबीत ‘गुराब’ म्हणजे कावळा. चोचीसारखं पुढे आलेलं तोंड असलेलं ते जहाज आंग्ऱ्यांचं मुख्य हत्यार. इंग्रजांनी त्याचं ‘ग्रॅब’ केलं, ज्याचा त्यांच्या भाषेत अर्थ झडप घालणं असाही होतो. कान्होजींच्या कारकिर्दीत हा योगायोग कंपनीच्या कप्तानांना फारसा गमतीचा वाटला नसेल. गलबताचं त्यांनी ‘गॅलिव्हॅट’ केलं. हेन्री यूलने आपल्या ‘हॉब्सन-जॉब्सन’ या कोशात इंग्रजी जहाजांच्या ‘जॉलीबोट’चं मूळही याच शब्दात पाहिलं, सगळे कोशकार त्याच्याशी सहमत नाहीत. मुंबईच्या डोंगरीशी ज्याचं नाव जोडलं जातं ते जाडंभरडं सुती कापड खलाशांच्या विजारींना वापरलं गेलं आणि ‘डंगरी’ या नावाने जगभर गेलं. ब्रिटिश नौदलात तर अजूनही कपडे धुण्याला ‘धोबी’ म्हणतात, नाम म्हणूनही आणि क्रियापद म्हणूनही, आणि धुण्याच्या पावडरीला ‘धोबीची धूळ’.

रोबकच्या कोशाची आणि पुढच्या सगळ्या पुस्तकांची एक अडचण आहे. ती साहेबासाठी लिहिलेली होती. त्यामुळे त्यांत बहुतेक सगळं आज्ञार्थी आहे: ओढ, सोड, बांध, धू, वर जा. खलाशी एकमेकांशी काय बोलत, कप्तानाला मागून काय नाव ठेवत, कोणत्या शिव्या देत, चुलीपाशी बसून काय किस्से सांगत, ती खरी बोली या पानांत फारशी उतरली नाही. तिचा मोठा भाग त्या माणसांबरोबर गेला. कोशकाराने विचारलं असतं तरी त्यांनी सांगितलं असतं का, हाही प्रश्नच.

वाफेची इंजिनं आली तशी शिडांची बोली आटत गेली. गावी, त्रिकट, कलमी यांचं काम उरलं नाही. नवे हुद्दे आले आणि ते सरळ होते: भट्टीत कोळसा टाकणारा आगवाला, कोळसा वाहून आणणारा कोयलावाला, इंजिनाला तेल देणारा तेलवाला. आगबोट हा मराठी शब्दही याच काळातला. सुएझ कालवा १८६९ मध्ये खुला झाला आणि मुंबई ही लंडनच्या वाटेवरची पहिली मोठी पायरी झाली. पी अँड ओ कंपनीच्या बोटींवर कामांची वाटणी माणसांच्या मुलखावरून ठरे: मुंबईहून भरती होणाऱ्या डेकवर कोकणातले, विशेषतः रत्नागिरीकडचे मुसलमान आणि काठेवाडचे खारवी, भट्टीखान्यात पंजाब आणि सरहद्दीकडचे, जेवणघरात नि केबिनींत गोव्याचे ख्रिश्चन. १९१४ पर्यंत ब्रिटिश जहाजांवर पन्नास हजारांहून अधिक लास्कर होते. पगार बऱ्याचदा गोऱ्या खलाशाच्या तिसऱ्या-चौथ्या हिश्श्याएवढा.

गोव्यात या माणसाला तारवटी म्हणतात. सभासदाच्या यादीतलं तारू त्या शब्दात जिवंत आहे. मुंबईत धोबीतलावच्या आसपास गोव्यातल्या गावांनी आपापले ‘कूड’ काढले. बोट मिळेपर्यंत तारवट्याने तिथे पेटी ठेवायची, स्वस्तात राहायचं आणि गावातल्या संताच्या सणाला जमायचं. आज त्यांचे नातू क्रूझ जहाजांवर जातात आणि गोव्याच्या गल्ल्यांत त्यांना ‘शिपी’ म्हणतात, इंग्रजी ‘शिप’वरून. कोकणात एवढंही लागत नाही. ‘बोटीवर असतो’ म्हटलं की ऐकणाऱ्याला पुढचं सगळं कळतं, अगदी पोराचं लग्न कधी ठरणार इथपर्यंत.

बोटीवर सर्वात खाली होता तो टोपास. त्याचं काम संडास धुणं, डेक झाडणं. त्याच्या नावाचा पूर्वज मात्र पोर्तुगिजांच्या चाकरीतला, मिश्र वंशाचा सैनिक. टोपी घालणारा म्हणून टोपास, असं काहींचं म्हणणं, दुभाषीचा अपभ्रंश असं दुसऱ्यांचं. सैनिक होता तो झाडूवाला कसा झाला? जमिनीवरही हेच घडलेलं दिसतं. जमादार हा फौजेतला अधिकारी, आणि मुंबईच्या चाळींत जमादार म्हणजे संडास साफ करणारा. मेहतर हा तर फारसीत मोठा माणूस, सरदार. ज्याला तुच्छ काम द्यायचं त्याला मोठं नाव द्यायचं, हा आपल्याकडचा जुना दांभिकपणा जहाजावरही चढला होता.

आणि सारंगाचा शेवटचा उतार बोटीवर झालाच नाही, तो धक्क्यावर झाला. खलाशी भरून देण्याचं काम मुंबई-कलकत्त्यात घाटसारंगांच्या हाती गेलं. कंपनीला माणसं हवीत, माणसांना बोट हवी, आणि मधल्या दाराशी हा बसलेला. गावातून आलेल्या पोराला तो उधारीवर जेवू घाली, राहायला खोली दाखवी, आणि बोट मिळाली की पहिल्या पगारातून सगळं व्याजासकट वसूल करी. नोकरीसाठी लाच देणं ही रीतच पडली. सर्व्हंट्स ऑफ इंडिया सोसायटीचे दिनकर देसाई यांनी १९४० मध्ये हिंदी खलाशांच्या स्थितीवर पुस्तक लिहिलं, त्यात ही भरतीची लूट तपशिलाने मांडली आहे. ते पुस्तक आलं त्याच्या आदल्याच वर्षी, महायुद्ध पेटल्यावर, ब्रिटिश आणि इतर बंदरांत हिंदी खलाशांनी काम नाकारून पगारवाढ मागितली होती आणि शेकडो जणांनी त्यापायी तुरुंग पाहिला होता.

एका ठिकाणी मात्र सारंग पुन्हा वर चढला. नद्या-खाड्यांतल्या वाफेच्या नौकांसाठी १९१७ चा कायदा झाला, त्यात मोठ्या नौकेला परवानाधारक मास्टर लागे, पण लहान नौकेची जबाबदारी परीक्षा पास झालेला सारंग घेऊ शके. म्हणजे छोट्या लाँचवर सारंग हाच कप्तान. मुंबई बंदरातल्या आणि कोकणच्या खाड्यांतल्या लाँचवाल्यांना सारंगाची परीक्षा, सारंगाचं सर्टिफिकेट हे शब्द पिढ्यान्‌पिढ्या ओळखीचे आहेत.

तांडेल मात्र पुरता खाली उतरलाच नाही, कारण तो साहेबाच्या जहाजाबरोबरच कोळ्यांच्या होडीवरही राहिला. आजही मासेमारीच्या बोटीवर जाळं कुठे टाकायचं, कधी ओढायचं, वारा फिरला तर परत कधी निघायचं हे तांडेल ठरवतो, आणि वाट्यातही त्याचा हिस्सा खलाशापेक्षा जास्त असतो. रत्नागिरीच्या बोटींवर आता खलाशी पुष्कळसे नेपाळहून येतात. समुद्र त्यांनी नोकरीला आल्यावरच पाहिलेला असतो, आणि नाळ, डोल, सुकाणू हे शब्द ते तांडेलाकडूनच शिकतात.